मालकाच्या कपाटातली कादंबरी

शिवणघरात खुर्ची आली तेव्हाच कुणीतरी विचारायला हवं होतं की ती कुणासाठी आहे. कुणी विचारलं नाही. मुकादमाने ती स्वतः उचलून आणली, दाराशेजारी भिंतीला लावून ठेवली आणि हात झटकत निघून गेला. बायकांनी माना वर केल्या, पाहिलं आणि पुन्हा सुईत डोळे घातले. वेताची बैठक, कोरीव हात. असली खुर्ची कामगारांना बसायला आणत नाहीत, एवढं कळायला शाळा लागत नाही. पण रेडिओ त्या दिवशी रंगात आली होती, आणि रेडिओ रंगात आली की समोर वाघ येऊन बसला तरी शिवणघराला दिसत नसे.

रेडिओ म्हणजे यंत्र नव्हे, बाई. चाळिशीची, रुंद खांद्याची, नाकावर राग असलेली. खरा रेडिओ पूर्वी एक होता, खिडकीत. तो बिघडला, मुकादमाने दुरुस्तीला नेला, आणि नंतर तो मुकादमाच्या घरी उत्तम वाजतो असं ऐकू आलं. छत्र्यांच्या त्या कारखान्यात लोखंडाची ठोकाठोकी लांबच्या शेडमध्ये चाले. शिवणघरात काम हाताचं आणि मुकं. काड्यांच्या सांगाड्यावर कापड ताणायचं आणि एकेका काडीला टाके घालून पक्कं करायचं. हात गुंतलेले, तोंडं मोकळी. मोकळी तोंडं दिवसभर भांडत. मग छत्रीच्या मुठी ज्या रद्दी वर्तमानपत्रांत गुंडाळून येत ते कागद ही बाई मोठ्याने वाचू लागली. चौथीत शाळा सुटलेली, पुढचं सगळं दुकानांच्या पाट्यांवरून आणि अशाच कागदांवरून शिकलेली. कागद फाटका असे. बातमीतला खून निम्मा वर असे आणि खुनी फाटलेल्या निम्म्यात गेलेला असे. बायका ओरडत की पुढं काय झालं ते सांग. मग ती सांगे. निम्मा खून कागदावरून, उरलेला पदरचा, आणि पदरचा निम्मा नेहमीच जास्त खरा वाटे.

वाचणारीचे हात रिकामे राहणार, म्हणून तिच्या वाटच्या छत्र्या बाकीच्या शिवत. हे कुणी बैठक घेऊन ठरवलं नव्हतं. सकाळी आल्या आल्या एकेक जण तिच्या ढिगातला एक सांगाडा उचलून आपल्याकडे ओढे आणि म्हणे, "हं, लाव."

मालकाच्या कानावर हे गेलं तेव्हा सगळ्यांना वाटलं, संपलं. पण हा मालक वेगळा होता. पिकलेल्या केसांचा, हळू बोलणारा, झाडूवालीलाही "अहो" म्हणणारा. ऑफिस शिवणघराच्या बरोबर वर, लाकडी जिना चढून गेलं की. तिथे काचेच्या कपाटात पुस्तकं. तो खाली आला, दारात उभा राहून थोडं ऐकलं, म्हणाला चालू द्या, आणि दुसऱ्या दिवशी रेडिओला वर बोलावून एक जाड पुस्तक हातात दिलं. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीची कादंबरी आहे, म्हणाला. त्या काळातल्या लेखकांनी पहिल्यांदा राजेराण्या सोडून गिरणीत, खाणीत, गरिबाच्या खोलीत पाऊल टाकलं. आहे तसं दाखवलं. ते वाचून मोठमोठ्या लोकांचे डोळे उघडले, कायदे बदलले. माणूस मुळात वाईट नसतो, बाई, त्याला फक्त दिसत नसतं. रद्दी सोडा, हे वाचा.

रेडिओ जिना उतरली ती हवेतच. इतक्या मोठ्या माणसाने इतकं मोठं पुस्तक आपल्या हातात दिलं, वर "वाचा" म्हणाला. घरी गेल्यावर तिने ते पुसून उशाशी ठेवलं. नवरा ट्रकवर, महिना-महिना बाहेर. घरात ती आणि तिची नणंद, दोघीच. नणंद वयाने दहा-बारा वर्षांनी धाकटी, पण नातं मोठं, म्हणून रेडिओ तिला वन्सं म्हणे आणि अहो-जाहो करी. नणंद तिला वहिनी म्हणे आणि अरे-तुरेवर असे. दोघी एकाच कारखान्यात, एकाच शिवणघरात. पुस्तकाकडे बघून नणंद म्हणाली होती की मालकाने साडी दिली असती तर निदान फाडून पायपुसणं झालं असतं.

कादंबरीत एक गिरणी होती, गिरणीचा मालक होता, त्याची आजारी बायको होती आणि कामगारांना गुपचूप एकत्र करणारी एक मुलगी होती. भाषा जुनी, वाक्यं आगगाडीसारखी लांब. तशी वाचली असती तर निम्म्या बायका सुईवरच झोपल्या असत्या. म्हणून रेडिओ संध्याकाळी घरी वाचून काढी आणि दुसऱ्या दिवशी पुस्तक मांडीवर उघडं ठेवून आपल्या शब्दांत सांगे. पण वाचता वाचता तिचं डोकं तापू लागलं. लेखकाने मालकाच्या दिवाणखान्यातल्या पडद्यांवर पानंच्या पानं लिहिली होती. मालकाच्या घड्याळाची साखळी, मिशीची टोकं, त्याचं खोकणं, त्याला सकाळी काय वाटलं, दुपारी काय वाटलं, सगळं. आणि ती मुलगी? "एक किडकिडीत मुलगी." संपलं. पुढे चारशे पानं ती बिचारी किडकिडीतच राहते. तिला हात नाहीत, केस नाहीत, ती काय खाते, कुठे झोपते, काही नाही. आहे तसं दाखवलं म्हणे. पडदे आहेत तसे दाखवले.

मग रेडिओने तेच केलं जे ती फाटक्या बातमीचं करत आली होती. जिथे पुस्तक फाटकं वाटलं तिथे तिने पदरचं घातलं. आणि पदरी काय होतं? घरातली नणंद.

आता नणंदेचं सांगायला हवं, कारण सगळं घोडं तिथेच अडलं. शिवणघराच्या मागच्या अंगाला मेणखोली होती. तिथे तापवलेलं मेण आणि राळ कापडाला चढवत, म्हणजे पाणी झिरपत नाही, आणि कापडं दोरीवर वाळत घालत. ओल्या मेणावर धूळ बसली तर माल वाया, म्हणून तिथल्या खिडक्या खिळे ठोकून बंद आणि दार सतत लोटलेलं. आत गेलं की डोळे चुरचुरत, तासाभरात डोकं गरगरे. त्या खोलीत कुणी टिकत नसे. पावसाळ्याआधी तिथली एक बाई कापडाच्या ढिगावर कोसळली, तिला हातगाडीवरून घरी पोहोचवलं, आणि दुसऱ्या दिवशी तिच्या जागी दुसरी आली. तेव्हापासून नणंद पेटली होती. तिची स्वतःची छाती लहानपणापासून नाजूक. थंडीत श्वास घेताना आतून शिट्टी वाजे. ती म्हणे, माझ्या छातीत पोलीस बसलाय, गर्दी झाली की शिट्टी मारतो. मेणखोलीच्या दारावरून जातानाही ती तोंड दाबून घेई. तीच नणंद आता एकेकीला गाठून समजावत होती की खिडक्या उघडायला लावू, सगळ्या मिळून एकदम मागू. आधी एकीने एकटीने मागून पाहिलं होतं, तिला मुकादमाने बोनसच्या आठवड्यातच वाट दाखवली होती. म्हणून हे गुपचूप. जमायचं ते रंगाऱ्याच्या आवारात, वाळत घातलेल्या ओल्या कापडांच्या आड, जिथे चार बायका उभ्या राहिल्या तरी बाहेरून नुसते पाय दिसतात.

कुणीतरी बायका फितवतंय हे मुकादमाला कळलं होतं. कोण, ते कळत नव्हतं.

रेडिओने कादंबरीतल्या मुलीला आधी दोरा दाताने तोडायची सवय दिली. मग तिच्या छातीत शिट्टी घालावी असं मनात आलं होतं, पण तेवढं तिने टाळलं. मग एके दिवशी तिला डावरी केली. नणंद डावरीच होती. तिचं कोपर शेजारणीच्या कोपरावर आपटे म्हणून तिला रांगेच्या टोकाला बसवलेलं. हे ऐकताच शिवणघर खदखदून हसलं. नणंदेने मान वर केली नाही, पण तिची सुई थांबली. आणि त्याच भरात, टाळी मिळाल्यावर गवई जसा आणखी एक तान घेतो तशी, रेडिओने पुस्तकातल्या कामगारांना रंगाऱ्याच्या आवारात नेऊन उभं केलं.

घरी नणंदेने तिला फाडून खाल्लं. उचलली जीभ लावली टाळ्याला, म्हणाली, मला तुझ्या गोष्टीतून काढ. रेडिओ उलटून म्हणाली, कोण ओळखतंय, ती पोरगी शंभर वर्षांपूर्वी मेली. मुकादमाला स्वतःची सही करताना घाम फुटतो, तो काय कादंबरी वाचणार. शिवणघरात त्या पुस्तकाचं पान उलटलेली एकच बाई आहे, ती मी. तिला खरंच तसं वाटत होतं. आयुष्यभर ज्यांनी ऐकलं त्यांच्यापैकी कुणाकडेच कधी मूळ कागद नव्हता. रद्दी वाचणाऱ्या बाईला हे सुचणारच नाही की एखाद्या कागदाला मालक असतो आणि त्याने तो आधी वाचलेला असतो.

त्यानंतर खुर्ची आली.

खुर्ची आधी आली आणि मालक दोन दिवसांनी. वाचन सुरू झालं की तो जिना उतरून येई, बसे, पायावर पाय टाकी, डोळे मिटून ऐके. बायकांना सुरुवातीला भारी वाटलं. आपलं ऐकायला मालक येतो. काही जणी केस नीट बांधून येऊ लागल्या. गोष्टीतल्या मुलीला उपाशी झोपावं लागतं त्या जागी त्याने रुमाल काढून डोळे टिपले, तेव्हा नव्याने लग्न होऊन आलेली एक पोर, जिला सगळ्या नवी म्हणत, ती कुजबुजली की किती देवमाणूस. तिच्या शेजारी बसणारी काकी, कारखान्यातली सगळ्यात जुनी, म्हणाली, मगरीला पण पाणी येतं डोळ्यांत, आधी जेवण झालेलं असतं. रेडिओलाही तो रुमाल खटकला. तो येऊन बसला की तिचा आवाज आपोआप चांगला लागे, पण नजर त्या रुमालावर राही. तो मेणखोलीच्या दारावरून येताना हाच रुमाल नाकाला लावतो हे तिने पाहिलं होतं. टिपायला आणि झाकायला एकच.

मग एका संध्याकाळी सुटायच्या वेळी मुकादम येऊन म्हणाला, ए, तुला वर बोलावलंय.

मालकाने तिला बसायला सांगितलं. ती उभीच राहिली. टेबलावर दिवा होता आणि दिव्याखाली तेच पुस्तक होतं. तेच जाड, तेच तपकिरी. पण तिचं पुस्तक तिच्या पिशवीत होतं. याच्यात मधोमध एक लाल फीत घातलेली होती.

"दुसरी प्रत आहे," मालक म्हणाला. "कॉलेजात असताना यातली प्रकरणं मला पाठ होती. तुम्ही फार छान सांगता, बाई. मी खाली येत नव्हतो तेव्हाही वर सगळं ऐकू येई."

ती म्हणाली, जमेल तसं सांगते.

"एक विचारू? रागावू नका. त्या मुलीचा डावा हात कुठून आला?"

रेडिओने पिशवी छातीशी धरली. तिने सांगितलं की बायकांना गोडी लागावी म्हणून घातलं. मालक समजुतीने मान हलवत राहिला. पुस्तकात कामगार पुलाखाली जमतात, रंगाऱ्याच्या आवारात नाही, तो म्हणाला. दोरा दाताने तोडणं तर फारच सुंदर होतं. असं कल्पनेने सुचत नाही, हे डोळ्यांनी पाहिलेलं असतं. त्या जुन्या लेखकांची हीच तर थोरवी.

"शिवणघरात डावऱ्या बायका तीन आहेत," तो म्हणाला. "मुकादम म्हणतो तिघींना काढा. मी त्याला म्हटलं, हा अन्याय होईल. निरपराध माणसाला धक्का लागू नये हे मला याच पुस्तकाने शिकवलं. आणि जी खरी आहे तिलाही मी काढणार नाही. तिला मेणखोलीची एवढी कळकळ आहे, तर तिला तिथेच नेमू. कायमची. तिने आत राहून सुधारणा सुचवाव्यात."

रेडिओने विचारलं, मग मी काय करू.

"काही नाही. उद्या पुढचं प्रकरण वाचा. नेहमी वाचता तसंच, मोकळेपणाने. मी ऐकायला येईन."

तो तिला जिन्यापर्यंत पोहोचवायला आला आणि पायरी तुटकी आहे, सांभाळून उतरा, असंही म्हणाला.

नणंद घरी पाणी तापवत होती. रेडिओने चप्पलही न काढता सगळं एका दमात ओकून टाकलं. नणंदेने पातेल्यावर झाकण ठेवलं. मग म्हणाली, "हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. आणि हात पण माझा दाखवलास."

नंतर दोघी भांडल्या. भांडण संपल्यावर डोकं चालवू लागल्या. रेडिओ म्हणाली, उद्या त्या पोरीला लंगडी करते. नणंदेने आठवण दिली की शेवटच्या रांगेत लंगडी आहे, दोन पोरांची आई. मग चकणी. चकणी शिवलेल्या छत्र्या गुंडाळायला बसते. तोतरी? नणंद म्हणाली, तोतरी बाई कामगार गोळा करायला लागली तर पहिलीचं नाव घेईपर्यंत संप मिटेल. दोघींना नको तेव्हा हसू आलं आणि तसंच विझलं. कुठलंही खरं व्यंग सांगितलं तरी ते शिवणघरात कुणाला तरी बसतच होतं. ज्या बाईला काही खूणच नाही अशी बाई त्या कारखान्यात नव्हती, तिथे राहून कुणी तशी उरतच नाही. आणि काही न घालता पुस्तकातलं जसंच्या तसं वाचलं, तर ही लपवतेय हे मालक ओळखणार आणि मुकादम पुन्हा तिघींवर येणार.

नणंद म्हणाली, मीच उभी राहते आणि सांगते. छाती माझी, मी बघून घेईन. असं म्हणताना सुद्धा तिच्या श्वासातली ती बारीक शिट्टी स्टोव्हच्या आवाजात ऐकू येत होती. रेडिओ तिच्या अंगावर धावून गेली. तुमच्या भावाला मी काय तोंड दाखवू, म्हणाली, तुम्हाला त्या खोलीत महिना निघणार नाही, वन्सं, हे तुम्हालाही ठाऊक आहे. नणंद म्हणाली, मग तू सांग दुसरं काही. नणंद झोपायला गेली तेव्हा रेडिओने पुस्तकाची शेवटची पानं उघडली. तिथे त्या किडकिडीत मुलीला ताप येतो. मालक तिच्या खाटेशी येतो. ती त्याला क्षमा करून मरते, आणि तो रडत जाऊन गिरणीच्या खिडक्या उघडायला सांगतो. सगळे रडतात. पुस्तक संपतं. म्हणजे मालकाला खिडकी दिसायला आधी पोर मरावी लागते, आणि मरता मरता क्षमाही तिनेच करायची. रेडिओने पुस्तक भिंतीवर फेकायला उचललं आणि फेकलं नाही. तिच्या ध्यानात एक गोष्ट आली. हा लेखक आंधळा नव्हता. मालकाची साखळी, मिशी, खोकणं त्याने किती नीट बघितलं होतं. फक्त मुलीकडे वळला की त्याचे डोळे भरून येत, आणि भरल्या डोळ्यांना दिसत नाही.

सकाळी शिवणघरात कुणी "हं, लाव" म्हणालं नाही. नणंदेने वाटेत दोघी-तिघींना सांगितलं होतं, ते सगळीकडे पसरलं होतं. तरी प्रत्येकीने सवयीने तिच्या ढिगातला सांगाडा उचलला. मालक आला, बसला, पायावर पाय टाकला. मुकादम त्याच्यामागे दारात उभा राहिला.

रेडिओने पुस्तक उघडलं आणि सांगायला सुरुवात केली. आज मुलीचं नंतर, म्हणाली, आज मालकाचं प्रकरण आहे. मालकाचे केस पिकलेले. तो कुणालाच अगं-तुगं करत नाही, झाडूवालीलाही नाही. त्याच्या खिशात पांढरा रुमाल असतो. गरिबाची गोष्ट ऐकताना तो त्याने डोळे टिपतो आणि मेणाच्या खोलीवरून जाताना त्यानेच नाक झाकतो. त्या खोलीत तो कधी गेलेला नाही. आत काय आहे ते त्याला पुस्तकातून ठाऊक आहे. एका संध्याकाळी त्याने गोष्ट सांगणाऱ्या बाईला वर बोलावलं. टेबलावर दिवा होता. दिव्याखाली पुस्तक होतं, लाल फीत घातलेलं. मालक म्हणाला, बाई, शिवणघरात डावऱ्या तीन आहेत.

मग तिने ते सगळं बोलणं एकेक शब्द सांगितलं. स्वतःचं काही घातलं नाही. आयुष्यात पहिल्यांदाच तिने पदरचं काही घातलं नसेल. त्याचा आवाज हळू होता, तसाच तिने हळू ठेवला. मेणखोलीत कायमची नेमणूक सांगितली, सुधारणा सुचवाव्यात हेही सांगितलं, आणि तुटकी पायरीही. सुया थांबल्या होत्या. काकीने तोंडातला दोरा तोंडातच धरला होता.

मालकाने डोळे उघडले. तो रागावला नाही. तो दुखावला, आणि ते जास्त भयंकर दिसत होतं.

"बाई, हे पुस्तकात नाही."

"नाही," रेडिओ म्हणाली. "पोरीचा डावा हात पण नव्हता. तो तुम्हाला चालला."

तो उठला. तिच्या मांडीवरचं पुस्तक त्याने हळूच उचललं, वरची धूळ रुमालाने पुसली आणि म्हणाला की एका थोर माणसाच्या लिखाणाचा असा वापर होईल असं त्याला वाटलं नव्हतं. मी तुमच्यावर विश्वास टाकला होता. मग तो जिना चढून गेला. पावलं डोक्यावरून, टेबलापर्यंत गेलेली सगळ्यांनी ऐकली.

जेवणानंतर मुकादम आला. वाचन बंद. उद्यापासून तिन्ही डावऱ्या मेणखोलीत. मालक म्हणाले, एकीलाच पाठवलं तर तिच्यावर अन्याय होईल, सगळ्यांना सारखा नियम. खुर्ची उचलून तो निघून गेला.

तिघी म्हणजे नणंद, नवी आणि काकी. नवी रडायला लागली, तिला दिवस गेले होते आणि ते अजून कुणाला सांगितलेलं नव्हतं, ते तिने तेव्हा सगळ्यांसमोर सांगितलं. काकी तर जन्माची डावरी नव्हतीच. तिचा उजवा हात याच कारखान्यात, काड्या वाकवायच्या दाबयंत्रात चिमटला होता, तेव्हापासून ती डाव्या हाताने शिवायला शिकली होती. सगळ्यांना वाटलं आता काकी रेडिओला शिव्या घालणार. काकीने आपली सुई कापडात खोचून ठेवली.

"रेडिओ," ती म्हणाली, "तुझा आवाज लहान कसा करतात ते आम्ही कुणी शिकलोच नाही बघ."

एवढंच. कुणी उठलं नाही, कुणी ओरडलं नाही. उठतील असं ज्यांना वाटतं त्यांनी कादंबऱ्या फार वाचलेल्या असतात. ज्यांच्या घरी चूल त्या सुईवर पेटते त्या उठायच्या आधी एकमेकींकडे बघतात, आणि बघण्यातच दिवस मावळतो. नणंद घरी वहिनीशी बोलली नाही. जेवताना फक्त मीठ मागितलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मेणखोलीचं दार उघडं होतं. भट्टी पेटली होती, वास शिवणघरापर्यंत येत होता. तिघी दारात गेल्या. नवीने काकीचा पदर धरला होता. नणंदेने नाकातोंडावर फडकं बांधलं, वळून शिवणघराकडे एकदा पाहिलं आणि आत गेली. मुकादम दार लोटायला पुढे झाला.

रेडिओ आपल्या जागेवरून उठली. हातात अर्धी शिवलेली छत्री होती, तशीच घेऊन ती चालत गेली, मुकादमाच्या हाताखालून वाकून आत शिरली आणि उघड्या दाराला पाठ लावून उंबऱ्यावर बसली. दार आता तिच्या अंगावरून गेल्याशिवाय लागणार नव्हतं. तिने सुईत दोरा ओवला.

मुकादम म्हणाला, ऊठ. ती म्हणाली, शिवतेय. तो म्हणाला, तू डावरी नाहीस, तुझी जागा आत नाही. ती म्हणाली, मी आत कुठाय, मी दारात आहे. तो म्हणाला, धूळ आत जाईल, मेण खराब होईल, सगळा माल वाया जाईल. ती म्हणाली, जाऊ दे. त्याने तिचा दंड धरून ओढून पाहिलं. ती चार मणांची नव्हती, पण तेव्हा झाली. मागे शिवणघरात सुया पुन्हा थांबल्या होत्या. लंगडी शेवटच्या रांगेतून उभी राहिली होती. बसावं की यावं हे तिचं अजून ठरत नव्हतं.

मुकादमाने हात सोडला, तिच्याकडे बोट दाखवलं आणि जिन्याकडे गेला. वर त्याचं बोलणं घुमलं, शब्द कळले नाहीत. मग खुर्ची सरकली. टेलिफोनचा क्रमांक फिरवल्याचा आवाज आला, आणि मालकाचा तो हळू, समजूतदार आवाज पोलीस चौकीला कारखान्याचा पत्ता सांगत राहिला. भट्टीवर मेण उकळत होतं. नवीला ढास लागली होती.

"वहिनी," आतून नणंदेचा फडक्यातून आवाज आला, कालपासूनचा पहिला. "जरा बाजूला सरक. सगळा वारा तुझ्याच अंगाला अडतोय."

रेडिओ सरकली, पण उंबऱ्यावरून उठली नाही. बाहेर फाटकाशी गाडी थांबली. दारं उघडल्याचे आवाज आले, एकापेक्षा जास्त, आणि आवारातल्या खडीवरून बुटांची पावलं शिवणघराकडे येऊ लागली.